सहकारी कर्जाच्या निकालाविरुद्ध हायकोर्टात जाताना

पतसंस्थेच्या थकबाकीचा निकाल विरोधात गेला की कर्जदार काय, जामीनदार काय, आधी वकील शोधायला धावतात. वकील मिळतील. आधी नक्कल अर्ज (प्रकरणातल्या कागदांच्या प्रती मागणारा अर्ज) टाका आणि त्यात रोजनामा, म्हणजे प्रत्येक तारखेला काय झालं याची नोंद, मागा. निकालाची प्रमाणित प्रत सगळेच मागतात, रोजनामा राहतो. गेल्या वेळी आमचाही तोच राहिला. अर्जात स्पष्ट लिहा: पहिल्या तारखेपासून शेवटच्या तारखेपर्यंतचा पूर्ण रोजनामा, आपण दिलेले सगळे अर्ज आणि त्यांवरचे आदेश.

एवढा आग्रह का, तर हायकोर्ट राज्यघटनेच्या अनुच्छेद 226-227 खाली, म्हणजे रिट याचिकेत, अपील ऐकत नाही. साक्षीदार खोटं बोलला, हिशेब पुन्हा मांडा, यासाठी ते बसत नाही. अधिकाराबाहेर जाऊन निकाल दिला का, म्हणणं मांडू दिलं का, समोरचा महत्त्वाचा पुरावा न बघताच निष्कर्ष काढला का, हे ते बघतं. ‘मला नोटीसच मिळाली नाही’ हे आपण शंभरदा सांगू, पण रोजनाम्यात ‘जाबदार (म्हणजे आपण) गैरहजर, प्रकरण निकालासाठी बंद’ अशी ओळ असेल आणि नोटीस बजावल्याचा कुठेच उल्लेख नसेल, तर ती ओळ दाखवता आली पाहिजे. रेकॉर्ड मागवलं जाऊ शकतं, मान्य. पण पहिल्या तारखेला न्यायाधीशांपुढे आपण जोडलेलेच कागद असतात, आणि स्थगितीचा निर्णय बहुधा तेव्हाच होतो. म्हणून रोजनामा हवा, आणि तोही सगळा. मधली दोन पानं नसली तर नेमकी तीच लागतात.

मधली पायरी गाळू नका. महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, 1960 च्या कलम 91 खाली सहकार न्यायालयाचा निवाडा असेल तर आधी कलम 97 चं अपील, दोन महिन्यांत. कलम 101 चा वसुली दाखला (थकबाकी वसूल करण्यासाठी निबंधकाने दिलेला दाखला) असेल तर कलम 154 खाली रिव्हिजन, म्हणजे वरच्या अधिकाऱ्याकडे फेरतपासणीचा अर्ज, तोही दोन महिन्यांत, आणि एकूण वसूलपात्र रकमेच्या 50 टक्के संस्थेकडे भरल्याशिवाय ती विचारात घेत नाहीत. पैशांची सोय आधी बघा, मुदत पैशांसाठी थांबत नाही. थेट हायकोर्टात गेलात तर पहिला प्रश्न येईल: रिव्हिजन का केली नाही? रिट याचिकेला ठरावीक मुदत नसते, पण म्हणून सहा महिने बसून राहू नका. उशिराचा जाब द्यावाच लागतो.

आता स्थगिती. याचिका दाखल झाली म्हणजे जप्ती थांबली, असं अजिबात नाही. सहकारी संस्था नियमांतल्या नियम 107 खाली वसुली अधिकारी पुढे जातच राहतो, आणि लिलाव कायम होऊन मालमत्ता तिसऱ्याच्या नावावर गेली की सगळं अवघड होतं. याचिकेत अंतरिम स्थगितीची मागणी वेगळी लिहायला सांगा. निकाल लागेल त्याच दिवशी त्याच न्यायालयाकडे वर जाण्यापुरती काही आठवड्यांची स्थगिती मागा, लेखी मागा, आणि तो अर्ज रोजनाम्यात चढला का ते तिथेच बघा. स्थगिती देताना कोर्ट काही रक्कम भरायला सांगू शकतं.

बाकीचं थोडक्यात. कर्जखात्याचा उतारा, वकीलपत्र, प्रतिज्ञापत्र, तारखांचा तक्ता. मराठी कागदांच्या इंग्रजी भाषांतराचं वकिलांना आधीच विचारा, त्यात दिवस जातात. तक्त्यातली प्रत्येक तारीख रोजनाम्याशी ताडून घ्या. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्गची प्रकरणं 18 ऑगस्ट 2025 पासून मुंबई हायकोर्टाच्या कोल्हापूरच्या सर्किट बेंचकडे जातात. संस्थेने कॅव्हेट (आम्हाला ऐकल्याशिवाय आदेश देऊ नका, असा आगाऊ अर्ज) टाकलंय का, तपासा. स्थगिती मिळाली तर आदेशाची प्रत वसुली अधिकाऱ्याला स्वतः नेऊन द्या आणि पोच घ्या.