मुलाला जुलाब-उलट्या सुरू झाल्यावर घरी काय करावे

मुलाला अचानक उलट्या आणि पातळ जुलाब सुरू झाले की घरातली मोठी माणसे पहिल्यांदा हे थांबवायचे कसे, याचाच विचार करतात. प्रश्न स्वाभाविक आहे, पण नेमक्या याच प्रश्नापाशी उपचाराची वाट चुकते. जठर आणि आतड्यांचा हा तीव्र दाह मुलांमध्ये बहुतेक वेळा रोटाव्हायरस, नोरोव्हायरस यांसारख्या विषाणूंमुळे होतो आणि तो आपल्या गतीने ओसरतो: उलट्या साधारणपणे एक-दोन दिवसांत कमी होतात, जुलाब मात्र पाच ते सात दिवस, क्वचित त्याहून अधिक काळ चालू राहू शकतात. या काळात मुलाच्या जिवाला खरा धोका असतो तो शरीरातले पाणी आणि क्षार निघून जाण्याचा. म्हणून जुलाब बंद करण्याच्या मागे न लागता जेवढे बाहेर जाते आहे तेवढे आत परत घालत राहणे, हे घरच्या माणसांचे काम आहे.

सर्वांत आधी मुलाचे नीट निरीक्षण करावे. चोवीस तासांत तीन किंवा त्याहून अधिक वेळा पातळ शौचास होणे म्हणजे जुलाब, असे मानले जाते; मात्र केवळ अंगावरचे दूध पिणाऱ्या तान्ह्या बाळाची शी एरवीही पातळ आणि वारंवार होत असल्याने तिथे नेहमीपेक्षा काय बदलले, ते पाहावे. शौचाच्या संख्येपेक्षा मूल कसे दिसते आणि कसे वागते, याला अधिक महत्त्व आहे. आठ वेळा जुलाब होऊनही खेळणाऱ्या, पाणी मागणाऱ्या आणि वेळच्या वेळी लघवी करणाऱ्या मुलापेक्षा, चारच वेळा जुलाब होऊन मलूल पडलेले मूल कितीतरी अधिक काळजीचे असते.

पुढील लक्षणांपैकी एक जरी दिसले तरी घरगुती उपाय करत न बसता मुलाला डॉक्टरांकडे न्यावे. मूल फार सुस्त झाले आहे किंवा जागे करूनही नीट जागे होत नाही. डोळे खोल गेले आहेत, रडताना अश्रू येत नाहीत, तोंड कोरडे पडले आहे. सहा ते आठ तासांत लघवी झालेली नाही. तान्ह्या बाळाच्या डोक्यावरची टाळू आत गेली आहे. पोटाची त्वचा चिमटीत धरून सोडल्यावर ती हळूहळू पूर्ववत होते. हातपाय थंड पडले आहेत किंवा श्वास जोरात चालला आहे. शौचात रक्त आहे. उलटी हिरवी किंवा रक्तमिश्रित आहे. पोटात सतत तीव्र दुखते आहे. झटके आले आहेत. किंवा पाजलेले काहीच पोटात टिकत नाही. बाळ सहा महिन्यांहून लहान असेल, मुलाला आधीपासून एखादा दीर्घकालीन आजार असेल किंवा ताप खूप चढला असेल, तर लक्षणे सौम्य वाटली तरी वैद्यकीय सल्ला लवकर घ्यावा. केवळ उलट्या होत आहेत आणि जुलाब मुळीच नाहीत, अशा मुलाला पोटाचा साधा संसर्गच झाला आहे, असे परस्पर ठरवू नये.

यांपैकी काही नसेल, तर जलसंजीवनी, म्हणजेच ओआरएस तयार करावे. पाकीट एक लिटर पाण्यासाठी आहे की 200 मिलिलिटरसाठी, हे पाकिटावर वाचून तेवढेच पिण्यायोग्य, शक्यतो उकळून गार केलेले पाणी मोजून घ्यावे आणि पूर्ण पाकीट त्यात एकाच वेळी विरघळवावे. अर्धे पाकीट आज, अर्धे उद्या, असे अंदाजाने करू नये. पाणी कमी पडले तर द्रावण जास्त खारट होऊन अपाय करते, पाणी जास्त झाले तर क्षार अपुरे पडतात. द्रावणात साखर, दूध किंवा फळांचा रस मिसळू नये, आणि चोवीस तासांनंतर उरलेले ओतून देऊन नवे करावे. पाकीट मिळेपर्यंतची सोय म्हणून एक लिटर पाण्यात सहा सपाट चहाचे चमचे साखर आणि अर्धा सपाट चमचा मीठ घालता येते. चमच्याचे माप मात्र घरोघरी वेगळे असते, त्यामुळे तयार पाकीट मिळाले की तेच वापरावे.

या साध्या मिश्रणामागचे शास्त्र समजून घेतले की ते देण्याचा धीर टिकतो. आजारी आतड्यातही ग्लुकोज आणि सोडियम एकमेकांच्या सोबतीने शोषले जातात आणि त्यांच्यामागून पाणी रक्तात ओढले जाते. जागतिक आरोग्य संघटनेच्या सध्याच्या सूत्रात दर लिटरमागे सोडियम 75 आणि ग्लुकोजही 75 मिलिमोल (कणांची संख्या मोजण्याचे एकक) असते, ते याच कारणाने. शीतपेये आणि गोड रस यांत साखर फार आणि क्षार थोडे असतात. जास्तीची साखर उलट आतड्यात पाणी खेचते आणि जुलाब वाढवते. नुसत्या पाण्याने सोडियमची भर पडत नाही. 1971 मध्ये पश्चिम बंगालमधील बनगाव येथील निर्वासित छावणीत कॉलऱ्याच्या साथीत सलाईन संपत आले, तेव्हा डॉ. दिलीप महालनबीस यांनी मीठ आणि ग्लुकोजचे द्रावण रुग्णांना तोंडाने पाजण्याचा मार्ग धरला आणि तिथले मृत्यूचे प्रमाण सुमारे 30 टक्क्यांवरून 4 टक्क्यांच्या खाली आले. ते द्रावण पाजणारे बहुतांशी रुग्णांचे नातेवाईकच होते, हे इथे मुद्दाम सांगावेसे वाटते.

आता पाजण्याची पद्धत, कारण अपयश येते ते बहुधा इथेच. तहानलेले मूल पेला घटाघटा रिकामा करते, पाच मिनिटांत सगळे उलटून टाकते आणि ‘याला काही पचतच नाही’ असा निष्कर्ष निघतो. उलटी झाल्यावर सुमारे दहा मिनिटे थांबावे. मग घड्याळ समोर ठेवून दर दोन मिनिटांनी एक चहाचा चमचा, म्हणजे 5 मिलिलिटर, द्यावे. हे प्रमाण क्षुल्लक वाटते, पण हिशेब केला तर तासाला 150 मिलिलिटर होतात. मूल चमचा नाकारत असेल तर सुई नसलेल्या पिचकारीने गालाच्या आतल्या बाजूला थोडे थोडे सोडावे. द्रावण गार असले की काही मुले ते अधिक सहज घेतात. अर्धा-पाऊण तास उलटी झाली नाही की प्रमाण हळूहळू वाढवावे. त्यानंतर प्रत्येक पातळ जुलाबामागे दोन वर्षांखालील मुलाला 50 ते 100 मिलिलिटर, दोन ते दहा वर्षांच्या मुलाला 100 ते 200 मिलिलिटर आणि त्याहून मोठ्या मुलाला तो मागेल तेवढे द्यावे.

हे सगळे करूनही जुलाब चालूच राहतील. जलसंजीवनीने जुलाब थांबत नाहीत, ती शरीर कोरडे पडू देत नाही. हे आधी ठाऊक नसेल तर तिसऱ्या जुलाबालाच पालकांचा तिच्यावरचा विश्वास उडतो. म्हणून एका कागदावर वेळ, पाजलेले प्रमाण, उलटी, शौच आणि लघवी यांची नोंद ठेवावी. रात्री आळीपाळीने जागणाऱ्यांना ती उपयोगी पडते आणि डॉक्टरांकडे जावे लागलेच तर तिथेही.

अंगावरचे दूध एकदाही बंद करू नये, उलट अधिक वेळा पाजावे. वरचे दूध पिणाऱ्या बाळाचे दूध पातळ करू नये. मोठ्या मुलाला भूक लागेल तसे नेहमीचे, फार गोड किंवा तेलकट नसलेले जेवण थोडे थोडे द्यावे. पोटाला विश्रांती म्हणून उपाशी ठेवण्याची जुनी रीत सोडून द्यावी, कारण आतड्याचे अस्तर भरून येण्यासाठी अन्नच लागते.

औषधांच्या बाबतीत हात आखडता असावा. जुलाब बंद करणारी लोपेरामाइडसारखी औषधे लहान मुलांना देऊ नयेत. आतड्याची हालचाल मंदावल्याने त्यांना गंभीर अपाय होऊ शकतो. प्रतिजैविकांचा विषाणूंवर काहीच परिणाम होत नाही. शौचातून रक्त पडत असल्यास किंवा कॉलऱ्याची शंका असल्यास त्यांची गरज पडू शकते, पण तो निर्णय डॉक्टरांचा. मागच्या आजारातली उरलेली बाटली काढून देण्याचा मोह टाळावा. तापासाठी वजनानुसार पॅरासिटामॉल चालते. शरीरात पाणी कमी असताना आयब्युप्रोफेन मूत्रपिंडांवर ताण आणू शकते, आणि मुलांना ॲस्पिरिन तर देऊच नये. जिथे मुलांमध्ये झिंकची कमतरता आढळते तिथे ते 10 ते 14 दिवस देण्याची शिफारस आहे: सहा महिन्यांखाली रोज 10 मिलिग्रॅम, त्यापुढे 20. जुलाब थांबले तरी डॉक्टरांनी सांगितलेले दिवस पूर्ण करावेत.

घरातल्या इतरांसाठी साबण आणि पाणी पुरेसे आहे, फक्त त्यात चालढकल नको. लंगोट बदलल्यावर, शी धुतल्यावर आणि अन्नाला हात लावण्यापूर्वी निदान वीस सेकंद हात चोळून धुवावेत. नोरोव्हायरसवर अल्कोहोलयुक्त सॅनिटायझर तितकासा चालत नाही. शेवटची उलटी किंवा जुलाब होऊन 48 तास उलटेपर्यंत मुलाला शाळेत किंवा पाळणाघरात पाठवू नये, आणि पोहण्याच्या तलावात दोन आठवडे उतरू देऊ नये. रोटाव्हायरसची तोंडाने द्यायची लस तान्हेपणीच घ्यायची असते, त्यामुळे धाकटे भावंड असेल तर त्याची लस वेळेवर झाली आहे ना, हे तपासून घ्यावे.

शौचातून रक्त गेलेले मूल बरे वाटू लागल्यानंतरच्या दिवसांत फिकट दिसू लागले, लघवी कमी करू लागले किंवा अंगावर सूज आली, तर त्याच दिवशी रुग्णालयात न्यावे. काही जिवाणूंचे विष मूत्रपिंडांना उशिरा इजा करते. जुलाब 14 दिवसांपलीकडे लांबले, तर त्याचे कारण निराळे असू शकते आणि त्यासाठी तपासण्या कराव्या लागतात.