कासवाची टाकी आणि इग्वानाचा पिंजरा घरी कसा धुवावा

स्टार कासव आणि घोरपड यांना १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याचे संरक्षण असल्याने ती घरी ठेवताच येत नाहीत. हा लेख लाल कानाचे परदेशी कासव किंवा इग्वाना (एक मोठा परदेशी सरडा) पाळणाऱ्यांसाठी आहे. या प्राण्यांच्या आतड्यात माणसाला ताप-जुलाब करणारे साल्मोनेला जिवाणू असू शकतात आणि तरीही प्राणी ठणठणीत दिसतो. जिवाणू विष्ठेतून अधूनमधूनच बाहेर पडत असल्याने एका तपासणीत काही सापडले नाही म्हणून निर्धास्त राहू नये, आणि प्रतिजैविके पाजून प्राणी निर्जंतुक करण्याचा सल्ला तर मुळीच ऐकू नये. ५ वर्षांखालील मुले, गरोदर स्त्रिया आणि वृद्ध यांना या कामापासून दूर ठेवावे.

हातमोजे घालून प्राण्याला वेगळ्या टबात काढावे. टाकीचे पाणी संडासात ओतावे. स्वयंपाकघराच्या सिंकमध्ये किंवा कुंडीतल्या कोथिंबिरीला कदापि नाही.

खरी अडचण यापुढे येते, आणि मलाही याच टप्प्याने बरेच दिवस छळले. काचेवरून बोट फिरवल्यावर जो बुळबुळीत थर लागतो, त्यावर थेट ब्लीच ओतणे व्यर्थ आहे, कारण घाणीशी संयोग होऊन ब्लीचचा जोर तिथेच संपतो. म्हणून आधी साबण आणि ब्रशने कोपरे, फिल्टरच्या खाचा आणि दगडांच्या खालच्या बाजू घासून थर पूर्ण काढावा, पाण्याने धुवावे आणि मगच एक भाग ब्लीच व नऊ भाग पाणी यांचे ताजे द्रावण लावावे. पृष्ठभाग दहा मिनिटे ओला राहिलाच पाहिजे. नागपूरच्या मे महिन्यात दुपारी फडक्याने लावलेले द्रावण बघता बघता सुकते, म्हणून काम पहाटे करावे, लहान वस्तू बादलीत बुडवाव्यात आणि काच पुन्हा पुन्हा ओली करावी. ज्या मोरीत हे धुणे चालते, तिथे संडास धुण्याचे ॲसिड वापरू नये. ब्लीचशी मिसळल्यास विषारी क्लोरीन वायू तयार होतो. लाकडी फांद्यांच्या भेगांत द्रावण पोचत नाही, तेव्हा मळलेली फांदी सरळ टाकून द्यावी.

वास जाईपर्यंत सर्व धुऊन वाळवावे, टब, ब्रश आणि मोरीसुद्धा ब्लीचने धुवावी, आणि हातमोजे काढल्यावरही साबणाने हात स्वच्छ करावेत.

एवढे करूनही घरात कोणाला ताप, जुलाब आणि पोटात मुरडा सुरू झाला, तर घरी कासव किंवा इग्वाना आहे हे डॉक्टरांना पहिल्याच भेटीत सांगावे, कारण एरवी ते हे विचारतीलच असे नाही.