दोनोस्तियाच्या कॉयरमध्ये नव्याने गाणाऱ्यांसाठी

दोनोस्तियाला, म्हणजे स्पेनच्या बास्क प्रदेशातल्या सान सेबास्तिआनला, शिकायला येणाऱ्या मराठी मुलामुलींना मी आधी एकच सांगते, एखाद्या हौशी कॉयरमध्ये, म्हणजे समूहगायनाच्या गटात, जा. बास्क लोकांना एकत्र गाण्याची मनापासून ओढ आहे. जवळच्या तोलोसा गावात १९६९ पासून समूहगायनाची स्पर्धा भरते.

माझ्या हाती पहिल्यांदा आलं संगीतकार हाविएर बुस्तो यांचं ‘आवे मारिया’, म्हणजे येशूच्या आईला, मरियेला, केलेली लॅटिन प्रार्थना. बुस्तो इथल्याच होंदारिबियाचे, शिक्षणाने डॉक्टर. रचना १९८० ची, चार आवाजांची, साथीला एकही वाद्य नाही. ही प्रार्थना तर मी वसईला आजीच्या मांडीवर मराठीतून शिकलेली. एका रोझरीत, म्हणजे जपमाळेत, ती त्रेपन्न वेळा येते. शब्द पाठ, अर्थ पाठ, म्हणून मी निर्धास्त होते.

पण लॅटिनमधल्या ‘ग्रात्सिया’ या शब्दालाच अडले. ‘त्याचा’ म्हणताना जो च येतो तो आणि ‘त्याची’मधला च वेगळा, हे म्हणून बघा. लॅटिनला इथे ‘त्याचा’मधला च हवा, पण त्याच्यापुढे इकार! आपली जीभ इकार दिसला की आपोआप टाळूकडे वळते आणि ‘ग्राचिया’ होतं. मी आठवडाभर भांडी घासताना ‘त्स, त्स, त्सि’ करत होते. पुढे येणाऱ्या ‘होरा’ या शब्दातला ह मात्र सोडूनच द्या, ‘ओरा’ म्हणा.

दुसरी खोड आपल्या शास्त्रीय शिक्षणाची. पाच वर्षं गाणं शिकलेली मी प्रत्येक सुरावर मींडेने, म्हणजे आधीच्या सुरावरून घसरत, जायची. एकटीचं गाणं त्याने सजतं, पण इथे सगळ्यांचा मिळून एक सूर लागायचा असतो, आणि माझ्या मींडेने शेजारणीचाही सूर हलायचा. कंडक्टरबाई थांबायच्या, ‘बेरिरो’ म्हणायच्या, म्हणजे पुन्हा. सूर थेट लावा, आणि आपल्यापेक्षा शेजारणीचा आवाज जास्त ऐका. तानपुरा नसतो, त्यामुळे सगळ्यांचा सूर मिळून हळूहळू खाली उतरतो. ते ओळखायचा उपायही हाच. नोटेशन येत नसेल तर घाबरू नका, दोन महिन्यांत डोळा सरावतो.

शब्दांचा अर्थ मात्र जाणून गा. पहिला अर्धा भाग बायबलमधल्या लूकच्या शुभवर्तमानातला, देवदूत आणि मरियेची नातलग एलिझाबेथ यांनी मरियेला केलेलं अभिवादन. ‘सांक्ता मारिया’पासूनचं मागणं नंतर जोडलं गेलं, आणि आजचा पूर्ण पाठ १५६८ च्या रोमन प्रार्थनाग्रंथात ठरला. अभिवादन आणि मागणं एकाच आवाजात गाऊ नये असं माझं ठाम मत आहे.

श्वासाचंही ठरलेलं असतं. शेजारीण घेईल तेव्हा आपण घ्यायचा नाही. आजी गेली त्या हिवाळ्यात ‘इन ओरा मॉर्तिस नॉस्त्रे’ला, आमच्या मरणाच्या वेळी, माझा गळा भरून आला आणि आवाज बंद पडला. शेजारच्या बाई तो सूर धरून होत्या. मी श्वास घेतला आणि त्यांच्या सुरात परत शिरले.