शाई करताना या चुका टाळा: जास्तीचा हिराकस, न घोटलेलं काजळ आणि इतर

मायफळ (ओकच्या झाडावरची तुरट गाठ) आणि हिराकस (लोहाचा क्षार, फेरस सल्फेट) यांची शाई पहिल्यांदा करणारा माणूस बहुधा एकाच जागी फसतो. काढा गाळून झाला, हिराकस घातला, बोरू बुडवून रेघ ओढली, आणि कागदावर उमटली ती पाणचट राखाडी. लगेच वाटतं, हिराकस कमी पडला. मग आणखी एक चमचा पडतो, त्यानंतर आणखी एक. रेघ जरा गडद दिसते, समाधान होतं आणि बाटली भरली जाते. त्या शाईने लिहिलेल्या कागदाचं नुकसान तिथेच ठरून गेलेलं असतं, फक्त ते दिसायला काही वर्षं जातात.

ताजी रेघ फिकटच उमटायला हवी. मायफळातलं टॅनिन, म्हणजे तुरट द्रव्य, आणि हिराकसातलं लोह एकत्र आल्यावर आधी जे संयुग तयार होतं, ते जवळजवळ रंगहीन असतं आणि पाण्यात विरघळलेलं राहतं. म्हणून तर ते कागदाच्या तंतूंत मुरतं. हवेतला ऑक्सिजन लागला की त्याचं न विरघळणारं काळं संयुग होतं आणि अक्षर तंतूंमध्येच अडकून बसतं. मग ते पाण्याने धुऊन जात नाही आणि चाकूने खरवडूनही सहज निघत नाही. रेघ काही मिनिटांत गडद व्हायला लागते, पण खरा काळा रंग दुसऱ्या दिवशी बघावा. फिकट शाईने लिहिणं डोळ्यांना जड जातं, ही अडचण खरी आहे. १८५६ साली जर्मनीतल्या ड्रेस्डेनचे शाईउत्पादक लेओनहार्डी यांनी त्यावर सरळ उपाय केला: शाईत नीळ आणि मंजिष्ठेचा अर्क मिसळला. लिहिताना तो रंग दिसतो आणि मागाहून लोहाचा काळा रंग चढतो. निळसर-काळ्या शाईच्या बाटल्यांमागे हीच युक्ती आहे. तुम्हालाही रेघ दिसत नसेल तर चिमूटभर रंग घाला, हिराकस नको.

जास्तीचा हिराकस करतो काय, तेही नीट समजून घ्या. या शाईत गंधकाम्ल तयार होतंच, त्याला इलाज नाही. पण टॅनिनशी बांधलं न गेलेलं मोकळं लोह त्याहून वाईट. ते कागदातल्या सेल्युलोजची मोडतोड घडवत राहतं आणि त्यात स्वतः संपत नाही. आधी अक्षरांभोवती तपकिरी कड दिसते, मग मागच्या पानावर डाग उमटतो, मग कागद अक्षराच्या रेषेवर तडकतो, आणि शेवटी अक्षर गळून पडतं व त्याच्या आकाराचं भोक उरतं. बर्लिनच्या सरकारी ग्रंथालयात जर्मन संगीतकार योहान सेबास्टियन बाख यांची स्वहस्ताक्षरातली स्वरलेखनं आहेत. त्यांतल्या अनेक पानांवर नेमकं हेच झालं. जिथे स्वरचिन्हांची गर्दी आणि शाईचा थर जाड, तिथे कागद सर्वांत जास्त खाल्ला गेला. ती पानं वाचवण्यासाठी एकेक कागद जाडीत उभा चिरून त्याचे दोन पापुद्रे करावे लागले, मध्ये पातळ मजबूत कागद घालून ते पुन्हा चिकटवावे लागले. एवढा खटाटोप करून हाती काय लागतं, तर उरलंसुरलं जपणं. गळून गेलेलं परत येत नाही. लॅटिनमध्ये शाईला ‘एनकाउस्तुम’ म्हणत, म्हणजे भाजून उमटवलेलं. इंग्रजी ‘इंक’ आणि इटालियन ‘इंकिओस्त्रो’ हे दोन्ही शब्द त्यातूनच आले.

प्रमाणाचा प्रश्न अडीचशे वर्षांपूर्वीच बऱ्यापैकी सुटलेला आहे. इंग्लंडमधले रसायनशास्त्रज्ञ विल्यम लुईस यांनी वेगवेगळ्या प्रमाणांच्या शाया करून, उन्हात ठेवून तुलना केली. १७६३ मध्ये प्रसिद्ध झालेला त्यांचा निष्कर्ष असा: वजनाने ३ भाग मायफळ, १ भाग हिराकस. दोन्ही समसमान घेतलेली शाई आधी झकास काळी दिसते आणि नंतर तांबूस पडते. चमच्याने मोजणाऱ्यांनी हे विशेष लक्षात ठेवावं. हिराकसाचे खडे जड, मायफळाची भरड हलकी. चमच्याचं माप इथे कामाचं नाही, वजनकाटाच हवा.

माझं नेहमीचं माप असं. ६० ग्रॅम मायफळ भरड कुटायचं. अगदी बारीक पूड केली तर गाळताना फडकं तुंबतं. ते ६०० मिली पाण्यात झाकून एक दिवस भिजवायचं, मग काचेच्या किंवा मुलामा दिलेल्या भांड्यात मंद आचेवर निम्मं आटवून गाळायचं. २० ग्रॅम हिराकस ५० मिली पाण्यात वेगळा विरघळवायचा आणि काढा गार झाल्यावर त्यात ओतायचा. शेवटी १५ ग्रॅम बाभळीचा डिंक, आदल्या रात्री थोड्या पाण्यात भिजवून गाळलेला. डिंक शाईला बोरूवर धरून ठेवतो आणि काळे कण तळाशी बसू देत नाही. तो राहून गेला तर शाई कागदावर फुटते आणि बाटलीच्या तळाशी गाळ साचतो. दोन-तीन दिवस बाटली तशीच ठेवून मग रेघ ओढून बघा, आणि तिच्याविषयीचं मत चोवीस तासांनी बनवा.

एक बारीक फसगत इथेच असते. हिराकसाचे ताजे खडे निळसर हिरवे असतात. पांढरट भुकटी झालेल्या हिराकसातलं पाणी उडून गेलेलं असतं, म्हणजे तेवढ्याच वजनात लोह जास्त. ताज्या हिराकसाच्या प्रत्येक रेणूत पाण्याचे सात रेणू असतात; त्यांतला एकच उरला असेल तर २० ग्रॅमच्या जागी सुमारे १२ ग्रॅम पुरे. तपकिरी गंज चढलेले खडे मात्र फेकून द्या. आणि हिराकस म्हणून मोरचूद घेणारेही भेटतात. मोरचूद गडद निळा, त्यात लोह नाही, तांबं आहे. त्याने काळी शाई होणार नाही.

मायफळ निवडतानाही डोळे उघडे ठेवा. ही फळं नव्हेतच. एक प्रकारची गांधीलमाशी ओकच्या झाडावर अंडं घालते, त्याभोवती झाड जी गाठ तयार करतं ती म्हणजे मायफळ. अंगावर बारीक गोल छिद्र असेल तर माशी बाहेर पडून गेली आणि टॅनिनही घटलं. जड, निळसर, बिनछिद्राची मायफळं घ्या. पूर्वी अलेप्पोच्या मायफळांचं नाव होतं ते याचमुळे. हिरडा किंवा डाळिंबाची साल वापरूनही शाई होते, पण ३ ला १ हे प्रमाण मायफळाचं आहे, ते तिथे जसंच्या तसं लावू नका.

आता काजळाची शाई. इथे चूक एकच, पण ती सगळीकडे दिसते: घोटायचा कंटाळा. काजळ पाण्यात टाकलं की वर तरंगतं, कारण कणांवर तेलाचा अंश असतो. लोक ते चमच्याने ढवळतात, डिंक घालतात, बाटली हलवतात आणि शाई झाली म्हणतात. तासाभरात खाली काळा चिखल आणि वर करडं पाणी. लिहिलेलं वाळलं की बोट फिरवल्यावर निघून येतं.

जुने लोक याबाबतीत फार स्पष्ट होते. एका फारसी द्विपदीत शाईची सगळी कृतीच बसवली आहे: काजळाइतका हिराकस, दोघांच्या वजनाइतकं मायफळ, तिघांच्या वजनाइतका डिंक, आणि त्यानंतर दंडातला जोर. चीनमधल्या सहाव्या शतकातल्या कृषिग्रंथात एक जिन काजळाला पाच लियांग सरस (जिन आणि लियांग ही चिनी वजनं) सांगितला आहे, आणि ते मिश्रण लोखंडी खलात तीस हजार वेळा कुटायला सांगून वर म्हटलं आहे की जितकं जास्त तितकं चांगलं. तोच ग्रंथ दिवसही सांगतो. उबेत सरस कुजून वास मारतो, कडक थंडीत शाईची वडी वाळत नाही, म्हणून मधला काळ साधावा. हा आकडा वाचून हसू नका. कुटण्यामुळे प्रत्येक कणाभोवती सरसाचा पातळ लेप बसतो आणि कण एकमेकांना चिकटून गुठळी करत नाहीत. घोटण्याचं काम तेच आहे.

१० ग्रॅम काजळ घ्या. आधी मद्यार्काचे काही थेंब टाकून ते ओलं करा, म्हणजे ते तरंगायचं थांबतं. मग १० ग्रॅम डिंक २५ मिली पाण्यात विरघळवून त्यातला थोडाच घाला. घट्ट, ओढला जाणारा लगदा झाला पाहिजे. पातळ मिश्रण कितीही घोटलं तरी कण एकमेकांवर घासले जात नाहीत. काचेवर किंवा दगडी खलात तासभर घोटा, सुकत चाललं तर डिंकाचं पाणी थेंबाथेंबाने वाढवा. पाण्याने पातळ करायचं ते अगदी शेवटी. वाळलेल्या रेघेवर अंगठा घासून बघा: काळं लागलं तर डिंक कमी, रेघ चकाकून तडकली तर जास्त.

काजळ धरताना ताटली ज्योतीला टेकवू नका, जरा वर धरा. चिनी कारागीर पाइनच्या लाकडाची लांबलचक भट्टी करत आणि आगीपासून सर्वांत दूरचं काजळ उत्तम शाईसाठी वेगळं काढत, कारण तिथपर्यंत फक्त बारीक कण पोचतात. इस्तंबूलच्या सुलेमानिये मशिदीत (१५५७) तेलाच्या दिव्यांची काजळी प्रवेशद्वारावरच्या खोलीत जमा होई आणि तीच शाईला जाई. ती खोलीही ज्योतींपासून दूरच होती.

बाकीच्या चुका थोडक्यात.

नळाच्या जड पाण्यातले क्षार मायफळाच्या शाईत गाळ पाडतात. पावसाचं किंवा ऊर्ध्वपातित पाणी घ्या.

मायफळाचा काढा लोखंडी कढईत केला तर कढईतलं लोह त्यात उतरतं आणि तुमचं मोजमाप तिथेच संपतं.

बुरशी येऊ नये म्हणून काढ्यात तीन-चार लवंगा उकळा, आणि बाटल्या लहान ठेवा.

डिंकाची कुठलीही शाई फाउंटन पेनात भरू नका. काजळाची तर कधीच नाही, ती वाळली की पेनाची जीभ कायमची बुजते.

पाण्याने न पुसणाऱ्या शाईसाठी लाख वापरतात. ती नुसत्या पाण्यात विरघळत नाही, लाखेच्या चौथ्या-पाचव्या हिश्श्याइतका टाकणखार (बोरॅक्स) घालून गरम करावी लागते. अशी शाई आणि मायफळाची शाई एका दौतीत कधीही एकत्र करू नका. टाकणखाराने विरघळलेली लाख आम्ल लागताच फाटते आणि दौतीत चिकट गोळे उरतात. बोरू बदलतानाही तो आधी धुऊन, पुसून घ्या. दौतीत गोळे होण्यासाठी बोरूवर राहिलेली थोडी शाईसुद्धा पुरते.