धुकं दिसलं की सगळे हमखास करतात, त्या या चुका टाळा

सगळ्यात कॉमन चूक म्हणजे कुठलंही धुकं दिसलं की "थांबू जरा, ऊन आलं की जाईल" म्हणायचं. डिसेंबरात गोदाकाठी हे चालतं, पण जुलैत आंबोलीला असं थांबलात तर दुपारपर्यंत थांबाल, कारण दोन्हीकडे धुकं तयार होतं तेच वेगळ्या पद्धतीने.

हिवाळ्यात आभाळ मोकळं असतं, वारा पडलेला असतो, रात्रभर जमीन गार होत जाते आणि तिला टेकलेली हवापण, मग तापमान दवबिंदूपर्यंत, म्हणजे वाफेचं पाणी व्हायला लागतं त्या तापमानापर्यंत, उतरलं की हवेतली वाफ धूळ, धूर, मीठ यांच्या बारीक कणांवर जमून पाण्याचे थेंब होतात. म्हणजे धुकं ही वाफ नाही, ते पाणीच आहे, हवेत तरंगणारं. गार हवा जड म्हणून ती खोलगट भागात साचते, त्यामुळे टेकडीवर लख्ख ऊन आणि खाली अख्खं गाव गायब. आता यातली खरी गडबड ऐका, सूर्य उगवल्या उगवल्या हे धुकं कधीकधी आणखी दाट होतं, कारण दवाची वाफ होऊन वर येते आणि हवा हलायला लागते, त्यामुळे "उजाडलं, निघूया" करू नका, ऊन चांगलं तापू द्या.

पावसाळ्यात घाटात वेगळंच चालू असतं. अरबी समुद्रावरची ओली हवा सह्याद्रीला धडकून वर चढते, वर दाब कमी असल्याने पसरते आणि पसरली की गार होते, ढग बनेपर्यंत दर किलोमीटरला साधारण 10 अंश. म्हणजे तुम्ही चक्क ढगात उभे असता! वारा ओली हवा आणतोय तोवर नवं धुकं बनतच राहणार.

आणि मुंबईत दुपारी 2 लापण धुरकट दिसत असेल, हवा कोरडी असेल, तर ते बहुतेक धूळ आणि धूर आहे, त्यात "काय मस्त धुकं" म्हणत पळायला जाऊ नका प्लीज.

हवामानाच्या भाषेत 1 किलोमीटरच्या आतलं दिसेनासं झालं तरच ते धुकं, त्याहून लांबचं दिसतंय तर विरळ धुकं, म्हणजे मिस्ट. 200 मीटरच्या आत आलं की दाट, 50 च्या आत अतिदाट, आणि तेव्हा गाडी न काढलेलीच बरी.

काढावीच लागली तर अप्पर मारू नका, थेंबांवरून उजेड उलटा तुमच्याच डोळ्यांवर येतो, डिपरवर ठेवा आणि फॉगलॅम्प लावा. चालत्या गाडीत चारही इंडिकेटर नकोत, मागच्याला तुम्ही उभे आहात की वळताय तेच कळत नाही. काच आतून धूसर झाली तर एसी लावून हवा काचेवर सोडा, एसी हवा कोरडी करतो. बाहेरून झाली असेल तर वायपर फिरवा आणि एसीचा गारवा कमी करा, कारण तेव्हा काचच जास्त गार झालेली असते.