ओसी नाही म्हणून मीटर अडलाय? या चुका टाळा

“फिट-आउटसाठी चावी घ्या, ओसी येतेच आहे.” ओसी म्हणजे भोगवटा प्रमाणपत्र, इमारत राहायला योग्य असल्याचा दाखला. हे वाक्य बिल्डरच्या ऑफिसात ऐकलं की पुढचं भांडण सुरू झालंच म्हणून समजा. फर्निचर होतं, वास्तुशांत होते, सामान येतं आणि मग वीज कंपनीचा माणूस हीच ओसी मागतो. 1963 च्या महाराष्ट्र सदनिका मालकी कायद्यानं ओसीविना असा ताबा बिल्डरला द्यायला जशी मनाई केली आहे, तशीच खरेदीदाराला घ्यायलाही. त्यामुळे ‘आम्हाला फसवलं’ हे म्हणणं खरं असलं, तरी अगदी निर्मळ राहत नाही. त्यातही ताबापत्रावर ‘सर्व सुविधा मिळाल्या, काहीही तक्रार नाही’ या ओळीखाली सही केली असेल, तर पुढे बिल्डरचा वकील तोच कागद सर्वात आधी काढतो. सही करावीच लागली, तर ‘ओसी व स्वतंत्र वीजमीटर बाकी’ असं सहीशेजारी हातानं लिहा.

त्याहून महागात पडते ती बांधकामाच्या मीटरवरची वीज. जिन्याखाली बिल्डरचा तात्पुरता मीटर असतो, त्यावरून प्रत्येक मजल्यावर वायर ओढलेली असते, दारात खासगी सब-मीटर लावतात आणि दर महिन्याला सुपरवायझर वहीत आकडे लिहून पैसे नेतो. पावती मागितली की हसतो. ही जोडणी बांधकामासाठी मंजूर झालेली असते. तिच्यावर घरं चालवणं हा वीज कायदा 2003 च्या कलम 126 खाली अनधिकृत वापर ठरू शकतो. आकारणी लागू दराच्या दुपटीनं होते आणि ती वापराच्या पूर्ण काळाची. हा काळ ठरवता आला नाही, तर तपासणीआधीचे 12 महिने धरतात. बिल बिल्डरच्या नावावर निघतं, पण अंधार तुमच्या घरात होतो. अशी आकारणी आलीच, तर तात्पुरत्या आदेशावर हरकत नोंदवा. अंतिम आदेशाविरुद्ध कलम 127 खाली अपिलाला 30 दिवस मिळतात आणि आकारलेल्या रकमेपैकी निम्मी आधी भरावी लागते. हा वाद वीज कंपनीचा ग्राहक तक्रार निवारण मंच ऐकत नाही, दिवाणी कोर्टही नाही. तिथे हेलपाटे घालण्यात लोकांचे हे 30 दिवस निघून जातात.

काउंटरवरचं ‘ओसी आणा, मग बघू’ ऐकून परत फिरणं ही तिसरी चूक. तोंडी नकाराविरुद्ध दाद मागायची तर हातात काय दाखवणार? अर्ज ऑनलाइन करा किंवा पोच घ्या, आणि नकार कोणत्या नियमाखाली आहे ते लेखी मागा. 2024 च्या दुरुस्तीनंतर वीज ग्राहक हक्क नियमांत नव्या जोडणीची मुदत महानगरांत 3 दिवस, इतर नगरपालिका क्षेत्रांत 7 आणि ग्रामीण भागात 15 दिवस आहे. ती मोजली जाते अर्ज सर्व बाबतींत पूर्ण झाल्यापासून. म्हणून कंपनी ‘कागद अपुरा’ म्हणते आणि मुदतीचं घड्याळ सुरूच होत नाही. नेमका कोणता कागद अपुरा, हे लेखी आलं की मंचात आणि पुढे विद्युत लोकपालांकडे मांडायला मुद्दा मिळतो.

आता युक्तिवादाचं. ‘वीज ही मूलभूत गरज आहे, कोर्टानंच म्हटलंय’ असं सांगत बरेच जण 2022 चा दिलीप विरुद्ध सतीश हा सर्वोच्च न्यायालयाचा निकाल जोडतात. त्यात प्रश्न भाडेकरूचा होता. घरमालकाचं ना-हरकत पत्र नाही म्हणून वीज नाकारता येत नाही, एवढंच तिथे ठरलं. ओसीचा मुद्दा तिथे नव्हता. उलट 17 डिसेंबर 2024 च्या राजेंद्रकुमार बडजात्या निकालात, म्हणजे मेरठच्या प्रकरणात, सर्वोच्च न्यायालयानं वीज, पाणी आणि सांडपाण्याच्या जोडण्या पूर्णत्व किंवा भोगवटा प्रमाणपत्र दाखवल्यावरच द्याव्यात असं सांगितलं. समोरचा वकील हा निकाल काढणारच. वीज कायद्याच्या कलम 43 मधलं वीज देण्याचं बंधनही निरपवाद नाही, हे के. सी. निनान खटल्यात 2023 मध्ये स्पष्ट झालं आहे. त्यामुळे केवळ हक्काच्या जोरावर वीज कंपनीशी लढणं मला तरी आता कमकुवत वाटतं.

खरा प्रतिवादी बिल्डर आहे. ओसी मिळवणं ही रेरा (स्थावर मालमत्ता नियमन) कायद्याच्या कलम 11(4)(ब) नुसार त्याची जबाबदारी. महारेरात, म्हणजे राज्याच्या रेरा प्राधिकरणाकडे, तक्रार करताना ‘वीज मिळवून द्या’ एवढंच मागू नका. ओसी घेण्याचे निर्देश मागा आणि ताब्याला उशीर झाला असेल तर व्याजही. इमारत जुनी असली तरी हात टेकू नका. मुंबईच्या समृद्धी सोसायटीतले सदस्य 1997 पासून ओसीविना राहत होते. पाण्याचे आणि मालमत्ता कराचे वाढीव पैसे भरत होते. जानेवारी 2022 मध्ये सर्वोच्च न्यायालयानं ओसी न मिळवणं ही सेवेतली त्रुटी आणि सतत चालू राहणारी चूक मानली. त्यामुळे मुदत संपल्याचा बचाव तिथे टिकला नाही.

भाग भोगवटा प्रमाणपत्र, म्हणजे इमारतीच्या काही भागापुरती ओसी, हातात आलं, की खुशीत अर्ज करण्याआधी त्यावरचे मजले आणि विंग वाचा. ‘बी विंग, तळमजला ते सातवा’ असं लिहिलं असेल आणि तुमचा फ्लॅट नवव्या मजल्यावर असेल, तर तो कागद शेजाऱ्यांचा आहे.