मालकाने भाडं वाढवलं? आधी जुनी पावती शोधा

आमच्या चरईतल्या चाळीत दर दिवाळीनंतर कुणीतरी विचारतंच, "काका, मालक दुप्पट मागतोय, द्यायचं का?" मी आधी एकच विचारतो: पागडी (सुरुवातीला मोठी रक्कम देऊन कमी भाड्याने घेतलेली जुनी जागा) की लिव्ह अँड लायसन्स (ठरावीक मुदतीच्या लेखी कराराने राहायला घेतलेली)? लायसन्स असेल तर करारात लिहिलेला आकडाच खरा, पुढचं वाचू नका.

पागडीवाल्यांनी मात्र पत्र्याची पेटी उघडावी. महाराष्ट्र भाडे नियंत्रण कायदा, 1999 प्रमाणे, आधी कोर्टाने प्रमाण भाडं, म्हणजे कायद्याने धरायचं मूळ भाडं, ठरवलेलं नसेल तर साधारणपणे 1 ऑक्टोबर 1987 ला जे भाडं होतं तेच धरतात. म्हणून त्या सुमाराची पावती सोन्यासारखी जपा. शाई उडत चालली असेल तर आजच झेरॉक्स काढा. या मूळ भाड्यावर मालकाला वर्षाला 4 टक्के वाढ कायद्यानेच मिळते; तेवढी मुकाट्याने द्या, उगाच हुज्जत नको.

आकड्यावर जमत नसेल तर दिवाणी न्यायालयात प्रमाण भाडं ठरवण्याचा अर्ज करा. तोवर भाडं थकवू नका, तिथेच लोक फसतात! मालक घेत नसेल तर मनिऑर्डर करा आणि 'नाकारली' शेऱ्याची पोच फाइलला लावा. भाडं दिलं की पावती मागायची, मालक कितीही ओळखीचा असो.